थंड भाताचं सॅलड : भात फ्रिजमध्ये छर्ऱ्यासारखा का होतो?

गोदाकाठची | ४ मे, सकाळी ११:२०

मंडळी, मदत हवी आहे. १७ तारखेला माझ्याकडे भिशी आहे, चौदा बायका. नाशिकच्या मे महिन्यात दुपारी चार वाजता गरम वडे पुढे करणं म्हणजे वैर काढणं. म्हणून काहीतरी गार करायचं ठरवलंय.

गेल्या वर्षी भाचीकडे सिंगापूरला गेले होते तेव्हा तिने एका ठिकाणी एक पदार्थ खाऊ घातला होता. बशीत मधोमध भाताची मूद आणि भोवती छोटे छोटे ढीग: कैरीचा कीस, पपनसाचे दाणे, काकडी, मोडाचे मूग, भाजलेलं खोबरं, कसलीशी हिरवी बारीक पानं. वरून काळपट, गोडसर-खारट पाणी. सगळं कालवून खायचं. दर घासाला चव वेगळी. नाव विचारायचं राहून गेलं (मी ही अशी).

परवा आठवून आठवून घरी करून पाहिला. बासमती मोकळा शिजवला. त्यात सोया सॉस, तिळाचं तेल, डब्यातला अननस, सिमला मिरची, गाजर, काकडी असं सगळं एकत्र करून पाच तास फ्रिजमध्ये ठेवलं. बाहेर काढलं तर भाताचे छर्रे झालेले. काकडीला पाणी सुटून तळाशी तपकिरी डबकं आणि वर कोरडा भात. सासूबाईंनी एक घास घेतला आणि म्हणाल्या, "कालचा आहे का गं? मग फोडणी का नाही घातलीस?" नवऱ्याने काही न बोलता तूप मागून घेतलं. ते मला जास्त लागलं.

तर: तांदूळ कोणता घ्यावा, भात टणक न होता गार कसा करावा, आणि फळं कोणती? आणि त्या मूळ पदार्थाचं नाव कुणाला माहीत असेल तर सांगा.

सदाशिव_पेठी | ४ मे, ११:३१

दहीभात. धागा संपला.

गोदाकाठची | ४ मे, ११:३४

दहीभात गेल्या भिशीला झाला हो. त्याआधीच्याही.

वऱ्हाडी_ठेचा | ४ मे, ११:५२

थंडा भात, अन् त्याच्यात फळं? आमच्याकडे याले परसाद म्हन्तेत. गंमत केली, ताई.

स्फटिक | ४ मे, दुपारी १२:४०

भात टणक का होतो ते सांगतो, म्हणजे तांदूळ निवडणं सोपं जाईल.

तांदूळ शिजताना त्यातला स्टार्च पाणी पिऊन फुगतो आणि त्याच्या साखळ्या मोकळ्या होतात. गार होताना त्याच साखळ्या पुन्हा एकमेकींना चिकटून घट्ट रांगा करतात आणि मधलं पाणी बाहेर ढकलतात. आपण म्हणतो भात कोरडा पडला. खरं तर पाणी बऱ्यापैकी तिथेच असतं, फक्त दाण्याने सोडून दिलेलं असतं. गंमत म्हणजे हे सगळ्यात जोरात होतं ते फ्रिजच्या तापमानाला, ४ अंशांच्या आसपास. पाव फ्रिजमध्ये लवकर शिळा होतो तेही याचमुळे.

स्टार्चमध्ये दोन प्रकार असतात, अमायलोज आणि अमायलोपेक्टिन. अमायलोज जितकं जास्त तितका भात मोकळा, आणि गार झाल्यावर तितकाच कडक. बासमतीत ते जास्त आहे. म्हणजे गरम असताना ज्या गुणासाठी आपण बासमतीचे दुप्पट पैसे मोजतो, तोच गुण फ्रिजमध्ये उलटतो. थायलंडच्या जास्मिन तांदळात अमायलोज कमी, जपानी आखूड दाण्यातही कमी, चिकट तांदळात जवळजवळ नाहीच.

फ्राइड राइसला मात्र हाच टणक भात हवा असतो. तेव्हा तुमचे छर्रे फेकले असतील तर वाईट केलंत.

गोदाकाठची | ४ मे, १२:५५

फेकले नाहीत. सासूबाईंनी रात्री फोडणी दिली. अननसासकट. त्याबद्दल मी बोलणार नाही.

चाओफ्राया | ४ मे, १:३०

नऊ वर्षं बँकॉकला आहे, त्यामुळे पहिला हक्क माझा.

तुम्ही खाल्लंत ते वर्णनावरून 'खाओ याम' किंवा त्याचं मलय भावंड. खाओ म्हणजे भात, याम म्हणजे कालवलेलं. हा बँकॉकचा नव्हे, दक्षिण थायलंडचा पदार्थ. सोंगखला, पत्तानी, नाराथिवात हे मलेशियाच्या सीमेकडचे प्रांत. तिथे तो सकाळच्या नाश्त्याला खातात. सीमेपलीकडे केलांतानमध्ये 'नासी केराबू' मिळतो, त्यात भात निळा असतो, गोकर्णाच्या फुलांनी रंगवलेला. आणि 'नासी उलाम' म्हणजे तऱ्हेतऱ्हेचा कोवळा पाला बारीक चिरून भातात कालवलेला. तुमचा भात निळा होता का?

गोदाकाठची | ४ मे, १:३८

नाही, पांढरा होता. पण गोकर्ण?? आपली शंकराला वाहतात ती? माझ्या कुंपणावर आहे की!

चाओफ्राया | ४ मे, २:१५

तीच, निळी. मग कामच झालं. दहा-बारा फुलं गरम पाण्यात भिजवा आणि त्या पाण्यात भात शिजवा. चव काही येत नाही, रंग मात्र असा येतो की भिशीतल्या सगळ्या आधी फोटोच काढतील. एकच करा: लिंबू वाढताना पिळा. आंबट लागलं की निळ्याचं जांभळं होतं. बायकांसमोर करून दाखवा, टाळ्या मिळतील.

आता महत्त्वाचं. मी हा पदार्थ पहिल्यांदा हात याई स्टेशनबाहेरच्या एका गाडीवर खाल्ला. ती बाई भात गार करून वाढत नव्हती. भात कोमटाच्या जरा खाली, अंगाला लागेल न लागेल असा. गार होतं ते बाकीचं सगळं. काकडी, कैरी, मुगाचे मोड बर्फाच्या पेटीतून येत होते. कालवलं की पूर्ण बशी गार लागते. म्हणजे तुम्ही काकडीबरोबर भातही फ्रिजमध्ये टाकलात, तिथेच उलटं झालं.

शिवाय तिने काहीच आधी मिसळलेलं नव्हतं. डोळ्यांदेखत ढीग लावायचे, पळीभर 'बुदू' ओतायचा आणि पुढे सरकवायचं. बुदू म्हणजे तिकडच्या छोट्या मासळीचं मीठ घालून महिनोन् महिने मुरवलेलं पाणी. ते पाम शुगर, गवती चहाचे कांदे, गलंगल (आल्यासारखी एक मुळी), मकरुत लिंबाची पानं घालून उकळतात. तुमचं 'काळपट पाणी' तेच.

सदाशिव_पेठी | ४ मे, २:२०

म्हणजे काकूंनी चतुर्थीच्या दिवशी खाल्लं नसेल अशी आशा करू या.

गोदाकाठची | ४ मे, २:२४

आम्ही मासे खातो. पण भिशीतल्या नऊ जणी नाहीत. बुदूला शाकाहारी पर्याय सांगा कुणीतरी.

मिडवेस्टातली_मावशी | ४ मे, रात्री ८:०५

इथे अमेरिकेत दर उन्हाळ्यात पॉटलकला (प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचं जेवण) 'एशियन राइस सॅलड' नावाचं एक पातेलं येतंच. डब्यातली सोललेली संत्री, अननस, सिमला मिरची, पातीचा कांदा, मटार, वर बदामाचे काप, आणि सोया सॉस-तिळाचं तेल-व्हिनेगरचं ड्रेसिंग. आशियातल्या कुठल्या देशाचं म्हणून विचाराल तर कुठल्याच नाही. पण वाईट लागत नाही, आणि आदल्या रात्री करून ठेवता येतं, हा त्याचा मोठा गुण.

टणक होऊ नये म्हणून मी दोन गोष्टी करते. एक, कॅलरोज तांदूळ. कॅलिफोर्नियातला मध्यम दाण्याचा, गार झाला तरी मऊ राहतो. दोन, भात गरम असतानाच अर्धं ड्रेसिंग त्यात मुरवते. सुशीच्या भाताला गरम असतानाच व्हिनेगर-साखर चोळतात ना, तसंच. गार भात काही पीत नाही, सगळं खाली बसतं. उरलेलं अर्धं वाढताना.

आंबट_गोड | ४ मे, ८:२२

या 'एशियन' शब्दाची मला फार गंमत वाटते. नाशिक कुठल्या खंडात आहे? मसालेभातात दोन द्राक्षं टाकली की एशियन राइस सॅलड.

मिडवेस्टातली_मावशी | ४ मे, ८:३०

नाशिकची द्राक्षं टाकली तर निर्यातक्षम एशियन राइस सॅलड. :-)

केळीचं_पान | ५ मे, सकाळी ७:१०

सगळे प्रतिसाद वाचले आणि राहवेना. अहो, हे तर दडपे पोहे!

विचार करा. गरम काही नाही. पातळ पोह्यांवर नारळाचं पाणी, खवलेला नारळ, बारीक कांदा, काकडी, कैरी, मिरची-कोथिंबीर, लिंबू, मीठ, साखर. ताटाखाली दडपून ठेवायचं म्हणून दडपे. वरून फोडणी आणि चुरलेला पोह्याचा पापड. मऊ दाणा, आंबट फळ, खोबरं, कुरकुरीत काहीतरी आणि कालवताना लागणारा हात, सगळं तेच. आमच्या आजोळी रत्नागिरीला मे महिन्यात आठवड्यातून दोनदा व्हायचे. नाव आपलं असल्यामुळे त्याला कुणी सॅलड म्हणत नाही, एवढंच.

भिशीला तेच करा. सगळ्या खूश होतील.

चाओफ्राया | ५ मे, ७:४५

हे मला नऊ वर्षांत सुचलं नव्हतं. सपशेल मान्य. फरक एकच: दडप्यात सगळ्यांनी एकमेकांत मुरायचं असतं, खाओ याममध्ये अजिबात नाही. तिथे कुरकुरीत कुरकुरीतच राहिलं पाहिजे.

गोदाकाठची | ५ मे, ९:००

दडपे पोहे भिशीत बाराही महिने असतात, बाई. मला भातच करायचाय, आता इरेलाच पेटलेय.

सूक्ष्मजीवी | ५ मे, १०:२०

जरा रसभंग करते, माफी असावी. मी अन्नपदार्थांच्या प्रयोगशाळेत काम करते.

शिजलेला भात उन्हाळ्यात बाहेर ठेवणं हा खेळ नाही. तांदळात बॅसिलस सिरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू असतात. ते शिजवण्यातून वाचतात. भात कोमट राहिला की त्यांना पालवी फुटते, जिवाणू वाढतात आणि त्यांचे काही प्रकार उलट्या करवणारं विष तयार करतात. ते विष पुन्हा गरम केल्याने जात नाही. म्हणजे 'नंतर फोडणी देऊ' हा उपाय नाही. अमेरिकेच्या एफडीएचा (तिथलं अन्न व औषध प्रशासन) नियम आहे की शिजलेलं अन्न ५७ अंशांवरून २१ अंशांवर २ तासांत यावं आणि तिथून ५ अंशांवर पुढच्या ४ तासांत. नाशिकच्या मे महिन्यात ओट्यावर झाकून ठेवलेला भात २१ अंशांवर येणं अशक्यच, कारण स्वयंपाकघरच त्याहून गरम.

कुकरमध्ये झाकून ठेवणं सगळ्यात वाईट. परातीत पातळ पसरा, पंख्याखाली ठेवा, वाफ गेली की झाका.

अण्णा_सातारकर | ५ मे, ११:०५

आमच्या आजीने ब्याण्णव वर्षं रात्रीचा भात सकाळी ताकात कालवून खाल्ला. तिला कुणी बॅसिलस सांगितला नव्हता.

सूक्ष्मजीवी | ५ मे, ११:३०

अण्णा, आजी हुशार होत्या. ताक आंबट असतं, आणि आंबटात या जिवाणूचं फारसं चालत नाही. बंगालचा पांता भात, ओडिशाचा पखाळ, तमिळनाडूचं पळय सोरु हे सगळे भात पाण्यात बुडवून रात्रभर आंबवलेले. सुशीचा भात बाहेर ठेवता येतो तोही व्हिनेगरच्या जोरावर. नुसता, कोरडा, कोमट भात आणि आंबवलेला भात यांत फरक आहे. आजीने पहिला खाल्लाच नाही.

अण्णा_सातारकर | ५ मे, ११:४१

बरं. आजीला कळवतो. (वर.)

स्फटिक | ५ मे, १२:१०

पखाळावरून आठवलं, ओडिशात २० मार्चला पखाळ दिवस साजरा करतात. आपण फोडणीच्या भाताचा दिवस कधी ठरवणार?

सदाशिव_पेठी | ५ मे, १२:१२

आमच्याकडे तो सोमवार. रविवारचा भात जास्त होतो.

चाओफ्राया | ५ मे, १:००

अवांतरात अवांतर: थायलंडमध्ये खरोखर बर्फातला भातही आहे. 'खाओ चे'. मूळ मोन लोकांचा, पुढे राजवाड्यात गेला आणि नटूनथटून बाहेर आला. एप्रिलमध्ये सोंगक्रानच्या, म्हणजे थायी नववर्षाच्या सुमारास मिळतो. भात अर्धवट शिजवून, चोळून चोळून धुतात, पार स्टार्च जाईपर्यंत, मग वाफवतात. मोगऱ्या-जाईच्या वासाच्या गार पाण्यात घालून देतात आणि बाजूला तळलेल्या, परतलेल्या गोडखारट गोष्टी. पहिल्यांदा खाल्ला तेव्हा वाटलं देवघरातलं तीर्थ भातावर ओतलंय. तिसऱ्या वर्षी आवडला.

बार्देशकार | ५ मे, संध्याकाळी ६:४०

पपनसाचा विषय निघाला म्हणून. आमच्याकडे गोव्यात त्याला तोरिंग म्हणतात. चवथीला गणपतीच्या वर जी फळापानांची माटोळी बांधतात तिच्यात असतं. आणि तेच सांगायचंय: पपनस गणपतीच्या सुमाराला. मे महिन्यात चांगलं मिळणं कठीण, मिळालं तर कोरडं आणि कडू. त्यामागे धावू नका. मे महिन्यात कैरी आहे, तीच खरी.

मिळालंच तर सोलायचं कसं ते सांगतो, कारण लोक संत्र्यासारखं सोलून फसतात. वरची साल आणि आतला पांढरा कापूस पूर्ण काढायचा. मग प्रत्येक फोडीची पाठ सुरीने चिरून आतलं पातळ सालपट उलटं ओढायचं. कडूपणा त्या सालपटात. आतला गर बोटांनी हलकेच सुटा करायचा, दाबायचा नाही. प्रत्येक दाणा आख्खा राहायला हवा, म्हणजे तो दाताखाली फुटतो. दाबलात तर रस निघून भाताचा चिखल.

मासे चालतात त्या पाच जणींसाठी सोडे आहेतच. तव्यावर खरपूस भाजून, खलबत्त्यात भरड कुटून, वेगळ्या वाटीत ठेवा. थायी लोक तरी वेगळं काय घालतात, सुकी कोलंबीच.

मालवणची_सून | ५ मे, ७:०२

सोडे लिवलंस आणि तोंडाक पाणी सुटला. पण गे बाय, ह्या सगळा करण्यापरास सोलकढी-भात खाऊन गपचिप झोप.

निशिगंधा_डी | ५ मे, ७:३०

अननस घालणार असाल तर माझी फजिती ऐका. ताजा अननस, पनीर आणि दही घालून असंच भाताचं गार सॅलड केलं होतं, दिराच्या साखरपुड्याच्या आदल्या रात्री. सकाळी पनीर बोटाने दाबलं तर लगदा, आणि दही असं कडू की मला वाटलं कारलं पडलंय. नंतर कळलं की ताज्या अननसात प्रथिनं तोडणारं ब्रोमेलेन असतं. दुधाच्या प्रथिनांचे तुकडे पडले की कडवट लागतात. कोलंबीसुद्धा त्यात पिठूळ होते. डब्यातला अननस उष्णता दिलेला असतो, त्याने हे होत नाही. ताजा वापरायचा तर एक उकळी द्या, नाहीतर अगदी वाढताना घाला.

जाऊ अजून प्रत्येक कार्यात विचारते, "कडू सॅलड आहे ना?"

केळीचं_पान | ५ मे, ७:४४

जावेला साष्टांग नमस्कार.

खमंग_काकडी | ५ मे, रात्री ९:१५

शाकाहारी पाण्याबद्दल. मी सिंगापूरला असताना शेजारच्या मलय काकूंकडून थोडं शिकले आणि थोडं ढापलं. आठ जणांचा अंदाज:

सोया सॉस अर्धी वाटी, गूळ पाऊण वाटी (ताडगूळ मिळाला तर सोनं), चिंचेचा कोळ दोन मोठे चमचे, पाणी दीड वाटी. त्यात गवती चहाचे दोन कांदे ठेचून, आल्याच्या चार चकत्या, दोन सुक्या मिरच्या, दोन छोटे कांदे चिरून. मंद आचेवर निम्मं होईपर्यंत उकळा, गाळा, गार करा. पातळ मधाइतकं दाट हवं. चाखलंत तर नुसतं फार खारट-गोड वाटेल. घाबरू नका, भातात गेलं की नेमकं होतं.

गलंगल हवंच असेल तर काष्ठौषधीच्या दुकानात कुळंजन मागा. जवळचीच मुळी, घशासाठी गाणारे लोक चघळतात ती. सुकी असते, बोटाच्या पेराएवढा तुकडा पुरे.

मुरलेपणासाठी मी त्यात चमचाभर लिंबाच्या लोणच्याचा खार घालते. तेल-मसाल्याचं लोणचं नव्हे, नुसतं मिठातलं.

चाओफ्राया | ५ मे, ९:३०

लोणच्याचा खार?! पत्तानीत कुणाला सांगू नका.

खमंग_काकडी | ५ मे, ९:३६

महिनोन् महिने मिठात मुरलेली गोष्टच ना ती? तिकडे मासा मुरतो, इकडे लिंबू. करून बघा आणि मग बोला.

स्फटिक | ५ मे, ९:५०

तर्काने काकडीताईंना एक गुण.

हिरवी_मिरची | ६ मे, सकाळी ८:००

मला वाटतं उगाच कौतुक चाललंय. भात हा गरम खायचा पदार्थ आहे. वरण, तूप, लिंबू. गार भातावर फळं घालून वर सोया सॉस ओतायचा, तर त्यापेक्षा फळं वेगळी खावीत आणि भात वेगळा. सगळं एकात कोंबण्याची ही हौस बुफेतून आलीय.

केळीचं_पान | ६ मे, ८:२०

गोपाळकाला बुफेतून आला का हो?

हिरवी_मिरची | ६ मे, ८:२२

...

मुद्दा मागे घेत नाही, पण आज गप्प बसते.

गोदाकाठची | ६ मे, १०:००

सगळ्यांचे आभार. नाशिकमध्ये जास्मिन तांदूळ एका मोठ्या दुकानात मिळाला, पण किलोचा भाव ऐकून परत ठेवला. आंबेमोहोर किंवा इंद्रायणी चालेल का? दोन्ही घरात आहेत.

स्फटिक | ६ मे, १०:४०

चालावं. इंद्रायणी आंबेमोहोराच्याच वंशातली, वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्रातली. दोन्ही गार झाल्यावर बासमतीपेक्षा कितीतरी मऊ राहतात. अडचण उलटी येईल: गिचका. पाणी नेहमीपेक्षा पाव वाटी कमी घाला, तांदूळ चार पाण्यांनी धुवा आणि शिट्ट्या नकोत, पातेल्यात शिजवा. नवा तांदूळ घेऊ नका, जुना घ्या. आणि भिशीच्या आधी एकदा थोडा करून पाहा.

चाओफ्राया | ६ मे, ११:१५

आणि हिरवी पानं आणि गवती चहा जितका बारीक चिराल तितका कमीच. मकरुतचं पान मिळणार नाही, लिंबाची अगदी कोवळी, पोपटी पानं घ्या. मधली शीर ओढून काढा, चार-पाच पानं एकावर एक ठेवून विडीसारखी घट्ट गुंडाळा आणि धारदार सुरीने केसाएवढी चिरा. जाड राहिली तर चघळत बसावं लागतं.

गोदाकाठची | १९ मे, दुपारी १२:३०

वृत्तांत. जरा मोठा आहे.

१२ तारखेला रंगीत तालीम केली, इंद्रायणीची. स्फटिकांनी सांगूनही पाणी नेहमीचंच पडलं, हाताला सवय. मूद पाडली ती गणपतीच्या मोदकाच्या उकडीसारखी बसली, हलेना. मग १७ तारखेला आंबेमोहोर घेतला, पाणी मोजून, गोकर्णाची चौदा फुलं. दुपारी अडीचला शिजवला, दोन परातींत पसरून पंख्याखाली. सूक्ष्मजीवीताई, तीन वाजून दहा मिनिटांनी वाफ गेली, झाकला आणि चारच्या ठोक्याला वाढला. फ्रिजला हात लावला नाही. फ्रिजमध्ये होतं ते बाकी सगळं: कैरीचा कीस, काकडी (बिया काढून, मीठ लावून, पिळून), चवळीच्या कोवळ्या शेंगा अगदी पातळ चिरून, मोडाचे मूग, डाळिंबाचे दाणे, अननस एक उकळी दिलेला. बाहेर वाट्यांमध्ये भाजलेलं खोबरं, दाण्याचं कूट, भाजलेले तीळ, आणि लांब कोपऱ्यात सोडे. पाणी खमंग काकडींच्या पद्धतीचं, खारासकट.

भात मऊ. गार. दर घास वेगळा. हेच ते, सिंगापूरचं.

लिंबू पिळल्यावर निळ्याचं जांभळं झालं तेव्हा टाळ्या नाही, किंकाळी आली. एकीने तीनदा लिंबू पिळलं फक्त रंगासाठी, मग तिला भात आंबट लागला.

आता फसलेलं. चिरण्यापुरता गवती चहा अंगणातला घेतला. आपल्याकडे चहात घालतो ती पानं. कितीही बारीक चिरली तरी ती गवतच. दोघींना ठसका लागला, एकीने पदराआड जाऊन दातातली काडी काढली. खालचा पांढरा कांदा हवा होता, आमच्याकडे तो बोरूएवढा बारीक, म्हणून मी पानांवर भागवलं. चाओफ्राया, तुम्ही 'कांदे' लिहिलं होतंत, मी वाचलं नाही. चूक माझी.

चौदातल्या अकरा जणींनी दुसऱ्यांदा घेतलं. एकीने फक्त खोबरं आणि कूट खाल्लं. एकीने विचारलं, "दहीभात नाही का केलास?"

सासूबाई शेवटी बसल्या. निळा भात बघून म्हणाल्या, "हे शंकराचं आहे." मग खाल्ला. दुसऱ्यांदा स्वतः उठून वाढून घेतला, पण बोलल्या काही नाहीत. सकाळी उठून पाहिलं तर उरलेली कैरी, काकडी, खोबरं सगळं पातळ पोह्यांवर घालून वर ताट दडपलेलं. आणि उरलेलं ते काळं पाणीसुद्धा दोन चमचे.

केळीचं_पान | १९ मे, १२:४१

!!!! मी काय म्हणत होते?!

सदाशिव_पेठी | १९ मे, १२:४४

आणि तूप? कुणी तूप मागितलं का?

गोदाकाठची | १९ मे, १२:५०

नवऱ्याला भिशीच्या दिवशी घरात यायला बंदी असते. रात्री सोडे घालून खाल्ला. तूप नाही मागितलं.

चाओफ्राया | १९ मे, १:२०

वा! आणि ठीक आहे, काल मीही लिंबाच्या खाराचं करून पाहिलं. खमंग काकडी, बोलणार नाही म्हणालो नव्हतो, पण बोलत नाही.

खमंग_काकडी | १९ मे, १:२३

पोचलं. :-)

जाता_जाता | १९ मे, ३:०५

छान धागा. सगळे प्रतिसाद वाचायला वेळ नाही झाला. बासमती चालेल का?

स्फटिक | १९ मे, ३:०६

(श्वास घेतो.)

बार्देशकार | १९ मे, ५:३०

चवथ झाली की माटोळी उतरवतात, आणि तोरिंगं दर वर्षी आमच्याकडे चार-पाच दिवस टोपलीत पडून असतात. यंदा ती सोलून हा भात करणार. तेव्हा धागा वर काढतो. फुलं गोदाकाठच्या ताईंनी पाठवावीत, आमची गोकर्ण पांढरी निघाली.